उसन्या आवाजाचे धुळाआबा

धुळाआबांची आणि माझी ओळख आधी ओठांपुरती झाली. बाकीचा माणूस पुढं दोन-अडीच वर्षांनी भेटला.

कोल्हापुरातल्या एका स्टुडिओची ती काळोखी खोली होती. समोरच्या पडद्यावर भरघोस मिशांचा एक चेहरा यायचा, तोंड उघडून काहीतरी बोलायचा आणि निघून जायचा. लगेच तोच चेहरा पुन्हा यायचा आणि तेच बोलायचा. आवाज मात्र काही नाही. माईकपुढं उभं राहून त्या तोंडात मी शब्द घालायचे, ओठ उघडतील तिथं सुरू करायचे आणि मिटतील तिथं थांबायचं, असं काम होतं. पहिल्या दिवशी माझी अवस्था बघवत नव्हती. तो चेहरा बोलून गप्प झाला तरी मी आपला बोलतोच आहे.

तेव्हा मी सांगलीच्या एका हायस्कुलात मराठी शिकवत होतो. संध्याकाळी हौशी नाटकांत राजे, सेनापती आणि तापट सासरे करायचो. देवानं अंगकाठी देताना हात आखडता घेतला आणि आवाज देताना मात्र सढळ सोडला, त्यामुळं दुसरं काही मला कुणी द्यायचंच नाही. नाटकातल्याच एका मित्रानं मला स्टुडिओत नेलं. म्हणाला, एका नटाला आवाज द्यायचाय.

"नटाला स्वतःचा आवाज नाही का?" मी विचारलं.

"आवाज आहे. नट सापडत नाही."

गोष्ट खरी होती. धुळाआबा मूळचे साताऱ्याच्या माण तालुक्यातले, दहिवडीकडच्या एका वाडीवरचे मेंढपाळ. कुठल्याशा सिनेमाला मेंढरं हवी होती म्हणून ते मेंढरं घेऊन आले, आणि दिग्दर्शकानं मेंढरांऐवजी त्यांच्याकडंच बघत राहून त्यांना कॅमेऱ्यापुढं उभं केलं. त्या काळी आमच्याकडं चित्रीकरण आधी आणि आवाज नंतर, असाच रिवाज होता. चित्रीकरण व्हायचं पावसाळा सरता सरता, आबा घरी असताना. आवाजाचं काम निघायचं दिवाळीनंतर, आणि दिवाळी झाली की माणातली मेंढरं चाऱ्यासाठी खाली उतरतात. कृष्णाकाठच्या शेतांत आज इथं बसतात, परवा पलीकडं. मोबाईल तर नव्हतेच. निर्मात्याचा माणूस जीप घेऊन कऱ्हाडपासून तासगावपर्यंत "मिशीवाला धनगर बघितला का" असं विचारत हिंडला. त्याला मिशीवाले धनगर रग्गड भेटले, धुळाआबा काही भेटले नाहीत. मग मला उभं केलं, आणि मी जो उभा राहिलो तो पुढची तीसेक वर्षं उभाच होतो. आबा कुणाच्याही सिनेमात असोत, आवाजासाठी निरोप सांगलीला यायचा.

दुसरंही कारण होतं, ते मागाहून कळलं. आबांची बोली शहरातल्या लोकांना कळणार नाही, असं निर्मात्यांना वाटायचं. आणि आबांचा आवाज.

तो आवाज मी पहिल्यांदा ऐकला तो औंधला. यमाईच्या डोंगराखाली शूटिंग चाललं होतं आणि मी देवीला म्हणून गेलो होतो. देवीला हे घरी सांगितलेलं कारण. खरं तर ज्या तोंडात आपण तीन सिनेमे राहिलो ते एकदा जवळून बघावं, असं मनात होतं. आबा एका झाडाखाली घोंगडं टाकून बसले होते. खुर्ची दिली तरी बसायचे नाहीत. म्हणायचे, खुर्चीत बसलं की मानूस उगंच सायब हुतोय. मी जवळ जाऊन नमस्कार केला, नाव सांगितलं. ते उठून उभे राहिले. चांगला सहा फुटी गडी, छाती दाराएवढी. आणि त्या छातीतून एक बारीक, थोडा नाकातला, वाक्याच्या शेवटी वर चढत जाणारा आवाज आला.

"तुमीच व्हय मास्तर? येवडा दांडगा आवाज म्हंजी मला वाटलं गडी बी तसाच दांडगा आसंल."

मी त्यांच्या छातीपर्यंतही पोचत नव्हतो. "मलाही तुमच्याबद्दल..." असं म्हणून मी जीभ चावली.

"बोला की! समदी हासत्यात माज्या आवाजाला. मेंढरं तेवडी हासत न्हाईत." आणि स्वतःच खळखळून हसले. एकमेकांबद्दल आमची दोघांचीही निराशा झाली, आणि त्या दिवसापासून आमचं जमलं.

आबांनी काय काय केलं नाही! पाटलाचा गडी झाले, देवळातले गुरव झाले, हवालदार झाले, तालमीतले वस्ताद झाले. नायिकेचा बाप असले की मध्यंतराच्या आत मरायचे. जाहिरातीच्या फलकावर त्यांचं तोंड कधी आलं नाही, पण सातारा-सांगलीकडच्या कुठल्याही एसटी स्टँडवर ते उतरले की चहावाला आपण होऊन कप पुढं करायचा. नाव कुणाला आठवायचं नाही. "आवं, ते न्हवं का, मरत्यात ते!" असं एकमेकांना सांगायचे.

काम करण्याची त्यांची म्हणून एक रीत होती. शॉटच्या आधी कॅमेऱ्याला हात जोडायचे आणि कॅमेरामनला विचारायचे, "कुटवर दिसतोय?" कमरेपर्यंत म्हटलं की चपला काढून पाय मोकळे सोडायचे. "मग खालच्या अंगाला सुट्टी." एकदा तर कडक हवालदाराचा प्रसंग त्यांनी वर वर्दी आणि खाली धोतर अशा थाटात केला होता. समोरच्या नटाला हसू आवरेना, आबांच्या चेहऱ्यावर मात्र सुरकुती हलली नाही. नुसती छाती आणि चेहरा बघणाऱ्या प्रेक्षकाला त्या हवालदाराची भीतीच वाटली.

आपला आवाज घेतलाच जात नाही म्हटल्यावर त्यांनी तो वाया घालवणंही सोडून दिलं. कॅमेऱ्यापुढं अगदी पुटपुटल्यासारखं बोलायचे, तोंड मात्र मोठं आणि सावकाश उघडायचे. हे माझ्यासाठी. "मास्तरला घाई व्हाय नगं" म्हणायचे. वाक्य संपलं की क्षणभर ओठ घट्ट मिटून धरायचे, म्हणजे माझं एखादं अक्षर सांडलं तरी झाकून जाईल. इतक्या नटांना मी आवाज दिला, पण माझी अशी काळजी दुसऱ्या कुणी घेतली नाही. इतरांच्या बाबतीत मी तोंडामागं धावायचो. आबांचं तोंड माझ्यासाठी थांबायचं.

तरीही एकदा त्यांनी मला घाम फोडला. लेकीला सासरी पाठवण्याचा प्रसंग होता. आबा बैलगाडीपाशी उभे, डोळ्यांत पाणी तरारलेलं, आणि लेखकानं वाक्य दिलेलं, "जा बाळ, सुखानं नांद." ते काही केल्या ओठांवर बसेना. ओठ भलतंच काहीतरी लांबलचक बोलत होते. सकाळपासून दुपारपर्यंत खटपट करून शेवटी मी "जा बाळ, जा, आमची काळजी करू नगंस, सुखानं नांद" असं ताणून ताणून बसवलं. लेखकाला ते इतकं आवडलं की हे आपणच लिहिलं होतं असं तो पुढं सांगत सुटला.

सिनेमा म्हसवडला लागला. तिथं एक शिंपी होता, जन्मापासून बहिरा. त्याला सिनेमाचा भारी नाद. त्या प्रसंगाला सगळं थिएटर पदरानं डोळे पुसत होतं आणि हा गडी पोट धरून हसत होता. लोक त्याच्यावर धावून गेले. मग त्यानं खुणांनी आणि अर्ध्यामुर्ध्या शब्दांनी सांगितलं. त्याला सगळ्यांचे ओठ वाचता यायचे. पडद्यावर आबा लेकीला म्हणत होते, "आगं बाय, पाय काड की माज्या पायावरनं, अंगटा तुटला माजा."

आबांना विचारलं तर म्हणाले, "व्हय. लय दुकत हुतं. म्हून तर डोळ्यात पानी आलं." आणि मग म्हणाले, "आक्ख्या म्हाराष्ट्रात माजं खरं काम त्या एकट्यानंच आईकलंय बगा." हे ते हसत म्हणाले होते. मीही हसलो. त्या हसण्यात आणखी काही आहे, हे कळायला मला पुढं बरीच वर्षं जावी लागली.

सांगलीला आले की आमच्याकडं उतरायचे. येताना लोकर, जाताना गूळ, हा ठरलेला शिरस्ता. एकदा गूळ घ्यायला मार्केट यार्डात गेलो. हमालांनी त्यांना ओळखलं आणि गराडा घातला. "आबा, वस्तादाचं त्ये बोला की, तालमीतलं!" आबांनी हात जोडले, डोकं हलवलं. लोक ऐकेनात. मग त्यांनी माझ्याकडं बघून डोळा मिचकावला, मला दंडाला धरून मागं उभं केलं, स्वतः मिशीवर ताव देऊन पुढं उभे राहिले आणि तोंड उघडलं. मागून मी बोललो. ओठांचं आणि शब्दांचं असं जमलं की हमाल क्षणभर चकित झाले, मग टाळ्या वाजवायला लागले. एका म्हाताऱ्या हमालानं मात्र विचारलं, "आवो पन, ह्यांचा आवाज कसला हाय?" आबांनी त्याच्याकडं बघून नुसता हात हलवला आणि गुळाची ढेप खांद्यावर घेतली.

मला त्यांनी काय दिलं, हे सांगायचं तर एकच गोष्ट सांगतो. सुरुवातीला मी नाटकी माणसासारखा प्रत्येक रिकामी जागा भरायचो. ओठ मिटलेले असले तरी उसासा टाक, हुंकार दे, असं चालायचं. आबांनी एक सिनेमा बघून आल्यावर हळूच सांगितलं, "मास्तर, तोंड मिटल्यावर बी मानूस बोलत आसतोय. तवा तुमी गप ऱ्हावा." मी ते ऐकलं. नुसतं स्टुडिओत नाही, वर्गातही. मुलांना प्रश्न विचारून गप्प राहायला मी त्यानंतर शिकलो, आणि खरा मास्तर तिथून पुढं झालो. आबांना हे सांगितलं तर म्हणायचे, "उगं काय बी लावताय गड्या."

आबांच्या बायको बायडाआक्का. मेंढरांमागं आयुष्यभर चाललेली, काटक, फटकळ बाई. काही वर्षांपूर्वी त्यांची नजर गेली. काचबिंदू होता, आणि तो कळेपर्यंत उशीर झाला होता. मिरजेच्या डॉक्टरांनी तपासून सांगितलं, गेलेली नजर आता परत यायची नाही. तिथून आबा त्यांना थेट आमच्या घरी घेऊन आले. आक्का पहिल्यांदाच येत होत्या. मी दार उघडून म्हटलं, "या आक्का, या. पायरी आहे, जपून."

आक्का पायरीवर जागच्या जागी थबकल्या. "आवं," त्या नवऱ्याला म्हणाल्या, "ह्यो तुमचा सिनेमातला आवाज हाय!"

"व्हय. मास्तर हायती त्ये."

"ह्ये व्हय मास्तर? माज्या मालकाच्या तोंडात बसल्यालं?"

माझी बायको मंगल हसून हसून दमली. जेवणं झाली, पानसुपारी झाली. आक्का भिंतीला टेकून बसल्या होत्या. मी काहीतरी बोलायचं म्हणून म्हटलं, "आक्का, दुपारी टीव्हीवर आबांचे जुने सिनेमे लागतात. ऐकत जा. तेवढाच विरंगुळा."

"आईकते की," त्या म्हणाल्या. "पन मास्तर, तुमी वाईट वाटून घिऊ नगा. पयलं मला ह्ये दिसायचं. म्हून आवाज कुनाचा बी आसंना, चालायचं. आता दिसत न्हाई. आता सिनेमा लागला की ह्ये येतच न्हाईत. तुमीच येताय."

वाईट वाटून घेऊ नका म्हणणं सोपं आहे. मला फार वाईट वाटलं.

त्या संध्याकाळी आबा आणि मी कृष्णेच्या घाटावर जाऊन बसलो. नदीकडं बघत ते म्हणाले, "मास्तर, येवडी वर्सं काम केलं. कवा वाटलं न्हाई, आपल्या आवाजात पायजे. पन आता वाटतंय. एक डाव. लय न्हाई, एकच डाव तिला माजं काम आईकाय गावलं पायजे. म्हातारपन हाय, किती दिस ऱ्हायलं कुनी सांगावं." आबांनी माझ्याजवळ स्वतःसाठी कधी काही मागितलं नव्हतं. हेही ते माझ्याकडं मागत नव्हते. माझ्या हातात ते नव्हतंच.

संधी आली ती दोन वर्षांपूर्वी. साताऱ्याची केतकी नावाची एक मुलगी, शिकून आलेली, हुशार, माणातल्याच मेंढपाळांवर सिनेमा करत होती. म्हाताऱ्या मेंढपाळाचं काम तिनं आबांना दिलं. आणि हल्लीच्या रीतीप्रमाणं आवाज जागच्या जागी, चित्रीकरणातच घेणार होती. आबांनी मला फोन केला. फोनवर ते नेहमी ओरडायचे. "मास्तर, ह्या टायमाला तुमाला सुट्टी!" मी म्हटलं, "आबा, अशी सुट्टी कुणाला नको?" खोटं कशाला बोलू, आपलं काम गेलं हेच आधी मनात आलं. पण पेढे आणले आणि मंगलला सांगितलं, आपल्या आक्कांचं काम झालं.

चार महिन्यांनी केतकीचा फोन आला. "सर, जरा कोल्हापूरला स्टुडिओत येता का? आबांचा आवाज तुम्हालाच द्यावा लागेल असं दिसतंय."

"का? त्यांचा घेतलाय ना?"

"घेतलाय. पण ते असं का बोलतात तेच कळत नाही. सेटवर मी तीनतीनदा सांगितलं, आबा, तुम्ही जसे बोलता तसे बोला. ते म्हणतात, तसंच बोलतोय."

गेलो. अन्वर म्हणून आवाजाचं काम बघणारा मुलगा होता, त्यानं एक प्रसंग लावला. पडद्यावर आबा आले. मिशा पिकलेल्या, डोक्याला मुंडासं. तोंड सावकाश, मोठं उघडलं आणि आतून एक जाडाभरडा, घसा खरवडून काढलेला आवाज आला. शब्दांवर दाब, वाक्याच्या शेवटी खालचा सूर, मध्येच एक दणका. मी दोन वाक्यं ऐकली आणि मला एकदम हसू फुटलं. केतकी आणि अन्वर माझ्याकडं बघत राहिले.

"अहो, हा मी आहे," मी म्हटलं. "ते माझी नक्कल करतायत."

आणि मग हसता हसता डोळ्यांत पाणी आलं. माझी नाटकी खोड न् खोड त्यांनी घेतली होती. इतक्या वर्षांत माझी नक्कल माझ्या विद्यार्थ्यांनासुद्धा इतकी जमली नव्हती.

केतकी म्हणाली, "म्हणून म्हणते सर, तुम्हीच द्या. नकलेपेक्षा अस्सल बरं."

काम समोर होतं. माईक समोर होता. मी म्हटलं, "अस्सलच हवं असेल तर त्यांना बोलावून घ्या. त्यांना त्यांचाच आवाज देऊ दे. मी शेजारी उभा राहतो." केतकी भली पोरगी. तिच्या मनातही तेच असावं, तिनं लगेच गाडी पाठवली.

दुसऱ्या दिवशी आबा घोंगडं खांद्यावर टाकून स्टुडिओत आले. डबिंगच्या खोलीत पाय टाकण्याची त्यांची उभ्या आयुष्यातली ती पहिलीच वेळ. माईककडं त्यांनी संशयानं बघितलं. पडद्यावर स्वतःला बघून म्हणाले, "लय म्हातारा झालोय की मी." मग कानाला हेडफोन लावला, छाती फुगवली, आणि पुन्हा माझ्या आवाजात सुरू झाले.

मी त्यांना थांबवलं. "आबा, हा मी झालो. तुम्ही कुठं आहात?"

"आसाच बोलतो की मी सिनेमात. लोकांनी ह्योच आवाज आईकलाय. आता बदलला तर लोक म्हनतील, ह्यो कोन दुसराच आलाय?"

"आणि आक्का काय म्हणतील?"

आबांनी हेडफोन काढून हातात घेतला. "तिच्यासाटीच तर घाबरतोय मास्तर. माजा आवाज बारीक हाय. पडद्यावर येवडा मोटा मानूस आन् आवाज ह्यो आसला. थेटर हासंल. ती तितं बसल्याली आसंल, तिला काय दिसायचं न्हाई, नुसती लोकं हासलेली आईकाय येतील. मग?"

शाळेत असतो तर काहीतरी सांगितलं असतं. अन्वरनं काचेपलीकडून खूण केली, पुढचा प्रसंग लावू का? मी मान डोलावली. पडद्यावर उंबऱ्यात बसलेली म्हातारी आली. तिचा मुलगा मेंढरं विकून मुंबईला चाललेला, ती घाबरलेली. आबा तिच्याजवळ टेकतात आणि म्हणतात, "मी हाय तवर तू कशाला भ्यायाचं?"

आबा बोलेनात, म्हणून सवयीनं मीच बोललो. माझ्या ठेवणीतल्या आवाजात, छातीतून.

आबा दचकले. "मास्तर, आसं म्हनल्यावर ती बाई पळूनच जाईल की!"

"का? काय चुकलं?"

"धमकी दिल्यावानी वाटतंय. आवं, ती भ्यालीया."

"मग कसं म्हणायचं?"

"आसं." आबा माझ्याकडं वळले. मला समजावून सांगायच्या नादात माईक विसरले, पडदा विसरले. थोडं वाकून, बारीक, नाकातल्या, शेवटाला वर चढणाऱ्या आवाजात म्हणाले, "मी हाय तवर तू कशाला भ्यायाचं?"

काचेपलीकडं अन्वरनं अंगठा वर केला. त्याचं यंत्र चालूच होतं. केतकी पाठमोरी होऊन काहीतरी शोधायला लागली.

मग मला रीत सापडली. दोन दिवस मी एकेक वाक्य चुकीचं बोललो, आणि आबा चिडून, हसून, कधी कपाळाला हात लावून, ते बरोबर करून दाखवत गेले. माझं नाटकीपण एरवी लोकांना खटकायचं, तिथं ते कामी आलं. काही ठिकाणी ओठ आणि शब्द पुढंमागं झाले, ते अन्वरनं संगणकावर सारखे केले. दुसऱ्या दिवशी दुपारनंतर तर मी बोलायच्या आधीच आबा हातानं मला मागं सारायला लागले. "सरा तिकडं मास्तर, तुमाला न्हाई जमायचं." इतकं वाईट काम मी जन्मात केलं नव्हतं, आणि काम संपल्यावर इतकं बरंही कधी वाटलं नव्हतं. त्यांच्या तोंडातून मी निघालो तो त्या दिवशी, आणि ज्यांनी इतकी वर्षं मला आत राहू दिलं त्यांना मी मनोमन हात जोडले. बाहेर आल्यावर प्रत्यक्षही जोडले. आबा म्हणाले, "च्या पिऊ चला."

पण भीती त्यांच्या पोटात राहिलीच. सिनेमा सांगलीला लागला तेव्हा आक्कांना घेऊन आले खरे, पण सकाळी चहा पितानाच म्हणाले, "मास्तर, आपन पयलं जाऊन बगू. लोकं हासली तर हिला न्हाई न्यायचं." आक्का आतून ओरडल्या, "म्या काय आंगुळ करून उगंच बसलीया व्हय?" दुपारच्या खेळाला आम्ही चौघं गेलो. कडेला मी, मग आबा, मग आक्का, पलीकडं मंगल. थिएटर बऱ्यापैकी भरलं होतं. कॉलेजची पोरं मागं दंगा करत होती.

दिवे गेले. आबा पडद्यावर आले तेव्हा मागून कुणीतरी ओळखून शिट्टी घातली. पाठमोरे आबा माळावरनं चालत येतात, वळतात आणि मेंढरांमागच्या पोराला काहीतरी विचारतात. थिएटरात तो बारीक आवाज घुमला आणि मागची पोरं फिसकन हसली. आबांनी खुर्चीचा दांडा घट्ट धरला. मी त्यांच्याकडं बघायचं टाळलं. दुसऱ्या वाक्याला हसू थोडं कमी झालं. पुढं आबा मेंढीला शिव्या घालतात, तिथं सगळंच थिएटर हसलं, पण ते हसणं वेगळं होतं, ते मेंढीला शिव्या ऐकून आलेलं होतं. त्यानंतर आवाजाला कुणी हसलं नाही. जो माणूस पडद्यावर होता त्याचा आवाज असाच असणार, हे लोकांनी मानून टाकलं.

आक्का मान किंचित कलती करून, तोंड पडद्याकडं करून बसल्या होत्या. त्यांना काय वाटतंय ते कळेना, म्हणून आबा कासावीस झाले आणि त्यांच्या कानाशी लागून सांगायला लागले. "ह्यो मीच हाय बायडे. मुंडासं बांदलंय. मागं माळ हाय, बाबळी हायती." आक्कांनी नुसतं "हं" केलं. आबा सांगतच राहिले. आता दोपार झाली. आता पोरगा निगाला. आता मी दारात आलोय.

उंबऱ्याचा प्रसंग आला. पडद्यावर म्हातारी बसलेली होती आणि आबा गुडघ्यावर हात ठेवून सावकाश तिच्याजवळ टेकत होते. इकडं आबा पुन्हा आक्कांकडं वाकले. "आता बग, ती बाई भ्यालीया, आन् मी तिच्याजवळ—"

आक्कांनी हात लांब केला, चाचपडत आबांच्या मिशा शोधल्या आणि त्यांच्या तोंडावर हात ठेवला.

"आवं, गप बसा की जरा," त्या म्हणाल्या. "तितं तुमी बोलताय न्हवं? आईकू द्या मला."

आबा गप बसले. प्रसंग संपला तरी आक्कांचा हात त्यांच्या तोंडावर तसाच होता.